'जनरलच व्हायचंय' म्हणणाऱ्या मुलाच्या आईस

प्रश्न : माझा मुलगा अकरावी सायन्सला आहे. आम्ही सांगली जिल्ह्यातले. मिस्टर दूध संकलन केंद्र चालवतात, मी अंगणवाडी सेविका. जनरल मनोज नरवणे यांच्या मुलाखती बघून मुलाने 'मी आर्मी चीफच होणार' असं धरून ठेवलंय. त्यांच्या सगळ्या पोस्टिंगची यादी करून भिंतीला लावलीय. एका निवासी अॅकॅडमीने दोन वर्षांची फी सांगितली, ती भरायची तर रस्त्याकडेची दहा गुंठे विकावी लागतील. ते 'सिलेक्शनची गॅरंटी' म्हणतात. मिस्टर तयार आहेत, माझं मन होत नाही. चीफ व्हायला नक्की काय करावं लागतं? आणि नाही झाला तर? (धाकटी आठवीत आहे, तीही आता 'मी पण' म्हणते.) शेवटचं विचारते, राग मानू नका : इतक्या लांब, गोळ्यांच्या तोंडी पोराला पाठवावं का?

उत्तर :

ताई, सप्रेम नमस्कार.

जमिनीचं आधी बोलू. विकू नका. कारण पुढे येईलच, पण मिस्टर कदाचित हे पत्र शेवटपर्यंत वाचणार नाहीत, म्हणून वरच लिहिलं.

आता चिरंजीवांच्या यादीकडे येऊ. यादी करणारा मुलगा मला आवडला. पण ती तो कुठून वाचतो, ते बघा. माझ्याकडे येणारी बहुतेक मुलं अशी यादी शेवटून वाचतात : लष्करप्रमुख, त्याआधी उपप्रमुख, त्याआधी कोलकात्याच्या पूर्व कमांडचे प्रमुख. हा सगळा मिळून जेमतेम साडेतीन वर्षांचा काळ आहे. नरवणे साहेबांना कमिशन मिळालं जून १९८० मध्ये, शीख लाइट इन्फन्ट्रीच्या सातव्या बटालियनमध्ये. तेव्हा ते वीस वर्षांचे होते. प्रमुख झाले ३१ डिसेंबर २०१९ ला, साठीला चार महिने कमी असताना. करिअर म्हणायचं ते मधल्या साडेएकोणचाळीस वर्षांना, आणि तुमच्या मुलाला होकार किंवा नकार द्यायचाय तो त्या वर्षांना.

पहिली गोष्ट पलटणीची. मुलगा पुण्याचा, सदाशिव पेठेतल्या ज्ञान प्रबोधिनीत शिकलेला, आणि पलटण मिळाली शिखांची. आपल्याकडच्या पोरांच्या डोक्यात मराठा लाइट इन्फन्ट्री आणि बेळगाव पक्कं बसलेलं असतं. अधिकाऱ्याला पसंती लिहिता येते, पण पलटण कुठलीही मिळू शकते. आणि मिळाली की जवानांचा धर्म तोच पलटणीतल्या अधिकाऱ्याचा धर्म. गुरुद्वाऱ्यात डोकं झाकून बसायचं, पंजाबीत बोलायला शिकायचं, जवानाच्या गावाकडचा बांधाचा वाद, बहिणीचं लग्न, म्हाताऱ्या बापाचं आजारपण हे सगळं आपलं समजून ऐकायचं. बावीस-तेवीसच्या पोराने चाळिशीतल्या सुभेदाराकडून शिकायचं आणि तरीही हुकूम आपणच द्यायचा. तुमच्या मुलाला हे जमेल का, याचा अंदाज गणिताच्या मार्कांवरून येत नाही. तो वर्गातल्या, गल्लीतल्या, आपल्यासारख्या नसलेल्या पोरांशी कसा वागतो, त्यावरून थोडा येतो.

यादीतल्या पुढच्या नोंदी त्याला मोठ्याने वाचायला सांगा. श्रीलंकेत शांतिसेना गेली, त्यात ते होते. काश्मीरमध्ये राष्ट्रीय रायफल्सच्या दुसऱ्या बटालियनचं नेतृत्व केलं आणि त्या कामगिरीबद्दल सेना मेडल मिळालं. कोहिमाला आसाम रायफल्सचे इन्स्पेक्टर जनरल होते. तीन वर्षं म्यानमारमध्ये, यांगूनच्या आपल्या दूतावासात, संरक्षण सल्लागार होते. महूच्या आर्मी वॉर कॉलेजात शिकवलं. अंबाल्याची खर्गा कोअर सांभाळली, सिमल्याच्या ट्रेनिंग कमांडचे प्रमुख झाले. यातली यांगूनची आणि महूची नोंद मला फार बोलकी वाटते. तिथे रायफल नसते, कॅमेरा नसतो. दुसऱ्या देशाच्या अधिकाऱ्यांशी तोलूनमापून बोलायचं, अहवाल लिहायचे, आपल्याहून लहान अधिकाऱ्यांना वर्गात शिकवायचं. मुलाखती बघून फौजेकडे ओढल्या गेलेल्या मुलाला हा भाग कंटाळवाणा वाटत असेल, तर आत्ताच कळलेलं बरं.

अभ्यास तर सुटतच नाही. 'एकदा एनडीए (खडकवासल्याच्या राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीची परीक्षा) निघाली की सुटलो' असं समजणाऱ्या मुलांसाठी हे मुद्दाम सांगते. कॅप्टनला पुढे जायला खात्याची पार्ट बी परीक्षा, मेजरला पार्ट डी, मग वेलिंग्टनच्या स्टाफ कॉलेजसाठी स्पर्धा परीक्षा. नंतर हायर कमांड कोर्स. नरवणे यांच्या नावापुढे मद्रास विद्यापीठाची संरक्षण अभ्यासातली पदव्युत्तर पदवी आणि इंदूरच्या देवी अहिल्या विद्यापीठाची एम.फिल. दिसते, ती अशाच अभ्यासक्रमांतली. चाळिशी गाठलेला माणूस लहान मुलांना झोपवून पुस्तक उघडतो, असं ते आयुष्य आहे.

आता तुमचा मूळ प्रश्न : चीफ व्हायला काय करावं लागतं. त्याचं सरळ उत्तर असं की त्यासाठी अर्ज नसतो. कमिशन मिळालं की लेफ्टनंट, दोन वर्षांनी कॅप्टन, सहा वर्षांनी मेजर, तेरा वर्षांनी लेफ्टनंट कर्नल. इथपर्यंत खात्याच्या परीक्षा दिल्या आणि काही गडबड केली नाही तर माणूस वेळेनुसार पोहोचतो. कर्नलपासून पुढे सिलेक्शन बोर्ड बसतं. दरवर्षीचे गोपनीय अहवाल, कुठे काम केलं, कोर्समध्ये काय केलं, हे सगळं तिथे मांडलं जातं आणि प्रत्येक पायरीला गाळणी बारीक होत जाते. एनडीएच्या एका कोर्सला लष्करासाठी साधारण २०८ जागा, असे वर्षाला दोन कोर्स. त्यात पदवीनंतर येणारे आणि टेक्निकल एंट्रीचे वेगळे. सगळ्या फौजेत लेफ्टनंट जनरल शंभराच्या आतबाहेर. त्यातले सात आर्मी कमांडर आणि एक उपप्रमुख. त्यांच्यातून एकाची नेमणूक, तीही सरकार करणार.

यात कर्तृत्व असतं, यात शंका नाही. पण जन्मतारीखही असते. कर्नल ५४ व्या वर्षी निवृत्त होतो, ब्रिगेडियर ५६, मेजर जनरल ५८, लेफ्टनंट जनरल ६०. प्रमुखाला ६२ वर्षं वय किंवा तीन वर्षं मुदत, जे आधी येईल ते. नरवणे यांचा जन्म एप्रिल १९६० चा, म्हणून त्यांना तीन वर्षं पूर्ण मिळाली नाहीत. ३० एप्रिल २०२२ ला ते निवृत्त झाले. वरची जागा रिकामी होते तेव्हा तुम्ही किती ज्येष्ठ आहात आणि तुमची किती नोकरी उरलीय, हे कुणाच्या हातात नसतं. ज्येष्ठ असूनही नेमणूक होईलच असंही नाही. अलिबागचे अरुण श्रीधर वैद्य, दोनदा महावीर चक्र मिळवलेले, १९८३ मध्ये प्रमुख झाले तेव्हा त्यांच्याहून ज्येष्ठ असलेले लेफ्टनंट जनरल एस. के. सिन्हा बाजूला राहिले आणि त्यांनी नोकरी सोडली. डिसेंबर २०१६ मध्ये बिपिन रावत प्रमुख झाले तेव्हाही दोन ज्येष्ठ अधिकारी मागे राहिले.

माझं ऐकाल तर मुलाच्या भिंतीवर आणखी एका माणसाची यादी लावा : लेफ्टनंट जनरल एस. पी. पी. थोरात. तुमच्या शेजारच्या कोल्हापूर जिल्ह्यातले, वडगावचे. सँडहर्स्टला शिकले, दुसऱ्या महायुद्धात ब्रह्मदेशातल्या कांगॉच्या लढाईत डीएसओ हा ब्रिटिश लष्करी सन्मान मिळवला. कोरियाच्या युद्धानंतर, मायदेशी परत जायला नकार देणाऱ्या हजारो युद्धकैद्यांचा प्रश्न उभा राहिला, तेव्हा त्यांना सांभाळायला गेलेल्या भारतीय दलाचे प्रमुख तेच होते. पुढे पूर्व कमांडची सूत्रं त्यांच्याकडे आली. १९६० मध्ये लखनौला त्यांनी 'लाल किल्ला' नावाचा सराव घेतला आणि हाताशी असलेल्या सैन्यानिशी चीनचा हल्ला आला तर काय होईल ते नकाशावर मांडून दाखवलं. दोन वर्षांनी जे घडलं ते त्याच्या फार जवळचं होतं. जनरल थिमय्यांनंतर लष्करप्रमुख म्हणून थोरातांचं नाव घेतलं जात होतं. नेमणूक थापर यांची झाली आणि १९६१ मध्ये थोरात निवृत्त झाले.

मुलाला विचारा : थोरातांची कारकीर्द फसली का? तो 'हो, चीफ झाले नाहीत ना' म्हणाला, तर त्याला फौज आवडत नाही, फौजेची शेवटची खुर्ची आवडते. मग मी त्याला पाठवायला सांगणार नाही. तो जरा थांबून लखनौच्या त्या सरावाबद्दल विचारू लागला, तर त्याला परीक्षेला बसवा. आणखी साधं विचारायचं तर असं विचारा की चौपन्नाव्या वर्षी कर्नल म्हणून निवृत्त झालास, पेन्शन आहे, पलटणीतली माणसं अजून फोन करतात, पण गाडीवर तारे कधी लागले नाहीत, तर चालेल का? फौजेत जाणाऱ्या बहुतेकांची नोकरी याच्या आसपास संपते, आणि ते चांगलं आयुष्य असतं. 'नाही झाला तर' या तुमच्या प्रश्नाचं उत्तरही हेच.

एक गंमतही त्याला सांगा, त्याला आवडेल. नरवणे प्रमुख झाले तेव्हा नौदलाचे करमबीर सिंग आणि हवाई दलाचे भदौरिया हेही प्रमुखच होते, आणि तिघेही एनडीएच्या एकाच, ५६ व्या कोर्सचे. तिघांचेही वडील हवाई दलात होते. हे वाचून 'म्हणजे फौजी घराणंच लागतं' असं तुम्ही म्हणाल. नरवणे यांच्यानंतर आलेले जनरल मनोज पांडे बघा : नागपूरचे, वडील विद्यापीठात मानसशास्त्राचे प्राध्यापक, स्वतः बॉम्बे सॅपर्सचे, इंजिनिअर्स कोअरमधून आलेले पहिले लष्करप्रमुख. (नरवणे आणि पांडे, दोघांच्याही आई आकाशवाणीवर निवेदिका होत्या. याचा करिअरशी संबंध काय, असं विचारू नका. पण घरात रोज नीट, स्वच्छ बोललेलं कानावर पडत असेल तर एसएसबीत, म्हणजे निवड मंडळाच्या मुलाखतीत, ते दिसतंच.)

तर आता अॅकॅडमी. यूपीएससीची लेखी परीक्षा ९०० गुणांची : गणित ३००, सामान्य क्षमता चाचणी ६००, त्यात इंग्रजीचे २००. चुकीच्या उत्तराला एक तृतीयांश गुण कापतात. अर्जाची फी शंभर रुपये. परीक्षा वर्षातून दोनदा, साधारण एप्रिल आणि सप्टेंबरमध्ये. अकरावीत देता येत नाही, बारावीत असताना देता येते. वयाची खिडकी साडेसोळा ते साडेएकोणीस, म्हणजे त्याला तीन-चार संधी मिळतील. गणित बारावीपर्यंतचंच आहे. त्याच्या कॉलेजचे शिक्षक बरे असतील तर जुने पेपर आणि घड्याळ एवढ्यावर लेखीची तयारी होते. आपल्याकडची मुलं अडकतात ती इंग्रजीत. त्यासाठी रोज इंग्रजी वर्तमानपत्र आणि दिवसाला एक पान स्वतःच्या शब्दांत लिहिणं, याला पर्याय मला तरी सापडलेला नाही.

उरलेले ९०० गुण एसएसबीचे, आणि 'गॅरंटी' हा शब्द तिथे हास्यास्पद होतो. पाच दिवसांची मुलाखत असते. पहिल्याच दिवशी निम्म्याहून जास्त मुलं स्क्रीन आउट होऊन संध्याकाळच्या गाडीला लागतात. पुढे मानसशास्त्रज्ञांच्या चाचण्या : चित्र अर्धा मिनिट दाखवणार, चार मिनिटांत गोष्ट लिहायची, साठ शब्द, प्रत्येकावर पंधरा सेकंदांत एक वाक्य, अर्ध्या तासात साठ प्रसंग, 'तू काय केलं असतंस'. मग मैदानावरची गटाची कामं, वैयक्तिक मुलाखत आणि शेवटच्या दिवशी कॉन्फरन्स. पाठ केलेल्या गोष्टी तिथल्या माणसांनी हजार वेळा वाचलेल्या असतात. अॅकॅडमीत वाईट काही शिकवतात असं मी म्हणत नाही. शिस्त, पळणं, सोबत या चांगल्या गोष्टी आहेत. पण निवड यूपीएससी आणि एसएसबी करते, आणि त्यांच्या वतीने कुणी गॅरंटी देत असेल तर तो तुमच्या दहा गुंठ्यांकडे बघून बोलतोय.

छत्रपती संभाजीनगरला राज्य सरकारची सैनिकी सेवा पूर्वशिक्षण संस्था आहे, पण तिथला प्रवेश दहावीनंतर होतो, ती वेळ त्याची गेली. नाशिकरोडचं छात्रपूर्व प्रशिक्षण केंद्र मात्र लक्षात ठेवा. सैनिक कल्याण विभाग ते चालवतो आणि एसएसबीची तयारी तिथे मोफत करून घेतात. लेखी निघाली की सांगलीच्या जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात जाऊन चौकशी करायची. निवड झाली तर खडकवासल्याची तीन वर्षं आणि डेहराडूनचं एक, हा खर्च सरकारचा. तुमच्या खिशातून फुटकळ लागेल तेवढंच. लेफ्टनंटचं मूळ वेतन सातव्या वेतन आयोगानुसार ५६,१०० रुपये, वर १५,५०० लष्करी सेवा वेतन आणि भत्ते. हे मिस्टरांसाठी लिहिलं. आणखी एक, गावात कुणी 'अग्निवीर पण तेच' म्हणेल. तेच नाही. ती जवानांची चार वर्षांची भरती आहे, त्यातले पंचवीस टक्के पुढे कायम होतात. ते मानाचं काम आहे, पण ते वेगळं दार आहे.

तुमचा शेवटचा प्रश्न. राग कशाचा मानायचा? हा प्रश्न न विचारता फॉर्मवर सही करणाऱ्या पालकांची मला जास्त काळजी वाटते. धोका खरा आहे आणि तो अधिकाऱ्याला कमी नसतो. १५ जून २०२० च्या रात्री गलवानमध्ये आपले वीस जण गेले, त्यात पलटणीचे प्रमुख कर्नल संतोष बाबू होते. नरवणे साहेबांना प्रमुख होऊन तेव्हा सहा महिनेही झाले नव्हते. आपल्या साताऱ्याचे कर्नल संतोष महाडिक, ४१ राष्ट्रीय रायफल्सचे प्रमुख, नोव्हेंबर २०१५ मध्ये कुपवाड्यात गेले. त्यांच्या पत्नी स्वाती महाडिक यांनी नंतर स्वतः प्रशिक्षण घेऊन २०१७ मध्ये कमिशन मिळवलं. हे मी धीर द्यायला सांगत नाही. बहुतेक अधिकारी सुखरूप घरी येतात, हेही खरंच आहे. पण 'काही होत नाही हो' असं मी तुम्हाला लिहिणार नाही. तुम्हाला भीती वाटते हे मुलाला सांगा, मिस्टरांच्या समोर सांगा. तो त्यावर काय बोलतो, चिडतो की ऐकून घेतो, ते मला कळवा. मला त्याच्या टक्केवारीपेक्षा त्यात जास्त रस आहे.

कंसातल्या धाकटीसाठी खरं तर वेगळं पत्र हवं. मुलींना एनडीएचं दार २०२२ मध्ये उघडलं, पहिली सतरा जणींची तुकडी मे २०२५ मध्ये पास होऊन बाहेर पडली. तिच्यासाठी वेळ गेलेली नाही : नाशिकला मुलींसाठीही राज्य सरकारची तशीच पूर्वशिक्षण संस्था आहे, दहावीनंतरची. आणि तिला डॉक्टर व्हावंसं वाटलं तर पुण्याच्या एएफएमसीचा, म्हणजे लष्कराच्या वैद्यकीय महाविद्यालयाचा रस्ता आहे. लेफ्टनंट जनरल माधुरी कानिटकर त्याच रस्त्याने गेल्या, मुलांच्या किडनीविकाराच्या तज्ज्ञ झाल्या आणि २०२० मध्ये त्या हुद्द्यावर पोहोचल्या. घरात कंस कुणाला पडतो यावर मी एरवी बरंच बोलते, आज राहू दे.

या महिन्यात एवढं करा. सिव्हिल हॉस्पिटलला नेऊन डोळे तपासा, रंग ओळखतो का तेही. तळपाय सपाट आहेत का, गुडघे एकमेकांना घासतात का, कानाला काही त्रास आहे का हे डॉक्टरांना विचारा. मेडिकलचे निकष यूपीएससीच्या जाहिरातीत छापलेले असतात, ते सोबत न्या. मित्रांच्या नादाने टॅटू काढू देऊ नका, कोपरापासून मनगटापर्यंत हाताची आतली बाजू आणि तळहाताची मागची बाजू सोडून कुठे असला तर अडचण येते. कॉलेजात एनसीसी असेल तर नाव घाला. आणि बारावी नीट होऊ द्या, कारण एनडीए निघाली नाही तर पदवीनंतर यूपीएससीचीच सीडीएस परीक्षा आहे, एनसीसीचं सी सर्टिफिकेट असेल तर लेखीशिवाय थेट एसएसबीची संधी आहे, इंजिनिअर झाला तर त्याची वेगळी भरती आहे. तिथे पोहोचायला पदवी लागते आणि चांगल्या कॉलेजची फी लागते. दहा गुंठ्यांचा विचार करायचाच असेल तर तेव्हा करा.